रेशन कार्डावर मोबाइलचा रिचार्ज स्वस्त मिळतो का?

"सरकारकडून सगळ्यांना तीन महिन्यांचा रिचार्ज मोफत, खालच्या लिंकवर नंबर टाका." हा मेसेज दर काही महिन्यांनी व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर फिरतो. कधी निवडणुकीच्या निकालानंतर, कधी सणासुदीला. पीआयबीच्या, म्हणजे केंद्र सरकारच्या माहिती कार्यालयाच्या, फॅक्ट चेक विभागाने असे मेसेज पुन्हा पुन्हा खोटे ठरवले, तरी ते थांबत नाहीत, कारण त्यामागची गरज खरी आहे. जुलै २०२४ मध्ये जिओ, एअरटेल आणि व्ही (व्होडाफोन-आयडिया) या तिन्ही कंपन्यांनी दर वाढवले. रोजंदारीवर चालणाऱ्या घरात तीन-चार फोनांचा रिचार्ज आता किराणा आणि सिलिंडरच्या शेजारी येऊन बसला आहे.

मूळ प्रश्नाचं उत्तर आधी देऊन टाकतो. पिवळं किंवा केशरी रेशन कार्ड दाखवून महाराष्ट्रात मोबाइलच्या रिचार्जला सवलत मिळत नाही. त्यासाठी फॉर्म नाही, पोर्टल नाही, लिंक तर नाहीच. पण खर्च खाली आणण्याचे रस्ते नियमांतच आहेत. ते दुकानाच्या पाटीवर लिहिलेले नसतात, म्हणून मागून घ्यावे लागतात.

मग गरिबांसाठीचा पैसा जातो कुठे?

टेलिकॉम कंपन्या आपल्या महसुलाचा ५ टक्के हिस्सा एका सरकारी निधीत भरतात. २००२ मध्ये सुरू झालेल्या या निधीचं नाव होतं युनिव्हर्सल सर्व्हिस ऑब्लिगेशन फंड. २०२३ च्या दूरसंचार कायद्याने त्याला 'डिजिटल भारत निधी' असं नवं नाव दिलं. दुर्गम भागात टॉवर उभारणं, ग्रामपंचायतींपर्यंत भारतनेट या सरकारी प्रकल्पाची इंटरनेटची फायबर केबल नेणं, असल्या कामांवर तो खर्च होतो. म्हणजे पैसा जाळं उभारायला जातो, ग्राहकाच्या बिलात उतरत नाही.

एसटीचं उदाहरण घ्या. मार्च २०२३ पासून बायकांना एसटीत अर्धं तिकीट आहे. कंडक्टर तिकीट फाडतो तिथेच सवलत हातात पडते. फोनच्या बाबतीत सरकारने डोंगरातल्या वाडीपर्यंत रस्ता बांधून दिला, पण तिकीट सगळ्यांना पूर्ण.

दुसरी पद्धतही जगात आहे. अमेरिकेत १९८५ पासून 'लाइफलाइन' नावाची योजना आहे. कमी उत्पन्नाच्या कुटुंबाला फोन किंवा इंटरनेटच्या बिलात महिन्याला ९.२५ डॉलरपर्यंत सूट मिळते, एका घराला एकच. तिथेच इंटरनेटसाठी महिना ३० डॉलरची मोठी योजना आली होती. निधी संपला आणि जून २०२४ मध्ये ती बंद पडली. तेव्हा तिच्यात सव्वादोन कोटींहून जास्त कुटुंबं होती. आपल्याकडे केरळने जून २०२३ मध्ये के-फोन हे स्वतःचं फायबर जाळं सुरू केलं आणि दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबांना मोफत जोडण्या द्यायला घेतल्या. महाराष्ट्रात अशी योजना यावी असं मला मनापासून वाटतं. ती येईपर्यंत काय करायचं, ते पुढे.

नेट नको, फक्त बोलायचं आहे: असा रिचार्ज मिळतो

बटणाचा साधा फोन वापरणारी आजी रोज दीड जीबी डेटाचे पैसे भरत असते. तो डेटा तिच्या फोनवर चालतच नाही. गेली काही वर्षं कंपन्यांनी बहुतेक पॅकमध्ये बोलणं आणि नेट एकत्र बांधून टाकलं होतं. वांगी घ्यायला गेलेल्याला पालेभाजीची जुडीही घ्यावीच लागेल, असा तो प्रकार.

२३ डिसेंबर २०२४ ला ट्रायने, म्हणजे दूरसंचार क्षेत्रावर देखरेख ठेवणाऱ्या प्राधिकरणाने, नियम बदलला. प्रत्येक कंपनीने फक्त कॉल आणि एसएमएसचा निदान एक पॅक ठेवलाच पाहिजे. अशा विशेष पॅकची मुदत पूर्वी जास्तीत जास्त ९० दिवस असे, ती ३६५ दिवसांपर्यंत वाढवली.

त्यानंतर २०२५ च्या सुरुवातीला जे पॅक आले, त्यांचे दर असे होते. जिओ: ८४ दिवसांना ४४८ रुपये, ३३६ दिवसांना १,७४८. एअरटेल: ८४ दिवसांना ४६९, ३६५ दिवसांना १,८४९. कॉल कितीही, एसएमएस ठरावीक. दर बदलत राहतात, म्हणून रिचार्जआधी कंपनीच्या अ‍ॅपमध्ये आजचा आकडा बघावा. हे पॅक अ‍ॅपच्या पहिल्या पानावर क्वचितच दिसतात. 'व्हॉइस ओन्ली' किंवा 'व्हॅल्यू' अशा भागात खाली सरकत जावं लागतं. दुकानात जाऊन नुसतं "स्वस्तातला मारा" म्हटलं तर २८ दिवसांचा डेटावाला पॅक पडण्याचीच शक्यता जास्त. "फक्त कॉलिंगचा, नेट नको, ८४ दिवसांचा" असं पूर्ण वाक्य बोला.

पॅकची किंमत बघू नका, दिवसाचा भाव काढा

भाजी आपण किलोच्या भावाने तोलून घेतो. रिचार्जचा किलो म्हणजे दिवस. किंमत भागिले दिवस, एवढंच गणित.

समजा डेटासकटचा पॅक ३०० रुपयांना २८ दिवस चालतो. दिवसाला १० रुपये ७१ पैसे पडले. ४६९ ला ८४ दिवस म्हणजे ५ रुपये ५८ पैसे. १,८४९ ला ३६५ दिवस म्हणजे ५ रुपये ७ पैसे. ज्याला नेट लागतच नाही, त्याचा खर्च निम्म्यावर येतो.

या हिशेबात एक खाच आहे. २८ दिवसांना आपण सवयीने 'महिना' म्हणतो. पण वर्षात असे १३ 'महिने' बसतात. ३०० च्या पॅकचे वर्षाला ३,६०० नाही, ३,९०० होतात. ट्रायच्या जानेवारी २०२२ च्या आदेशानुसार प्रत्येक कंपनीला ३० दिवसांचा निदान एक पॅक आणि दर महिन्याच्या त्याच तारखेला संपणारा एक पॅक ठेवावा लागतो. पगार ठरलेल्या तारखेला होत असेल तर दुसरा सोयीचा. दिवसाचा भाव मात्र त्याचाही काढून बघा.

तशीच गत 'वर्षाच्या' पॅकची. ३३६ दिवस म्हणजे २८ चे १२ तुकडे, खऱ्या वर्षाला २९ दिवस कमी. वरच्या दोन मोठ्या पॅकमध्ये १,७४८ हा आकडा लहान दिसतो, पण त्याचा दिवस ५ रुपये २० पैशांना पडतो, १,८४९ वाल्यापेक्षा महाग.

एकदम अठराशे रुपये आणायचे कुठून?

गरिबाला फुटकळ घेतलेलं नेहमी महाग पडतं, तेलाच्या पाऊचपासून रिचार्जपर्यंत. वर्षाचा पॅक जमत नसेल तर ८४ दिवसांचा घ्यावा. दिवसाला फरक जेमतेम ५० पैशांचा आहे. रोज ६ रुपये वेगळे टाकले की ८४ दिवसांत ५०४ जमतात आणि पुढचा रिचार्ज निघतो.

१० रुपयांचा टॉप-अप अजूनही ठेवणं कंपन्यांना बंधनकारक आहे. त्यातले साधारण साडेसात रुपये बॅलन्समध्ये येतात, बाकी कर आणि शुल्क. पण पॅकची मुदत संपलेली असेल तर नुसत्या टॉप-अपवर कॉल लागेलच असं नाही. अनेकांचे पैसे इथेच अडकतात. टॉप-अप म्हणजे बटव्यातले सुटे पैसे. पॅक म्हणजे आत जायचा पास. पास नसेल तर सुट्या पैशांनी दार उघडत नाही.

नेट नसेल तर ओटीपी कसा येईल, पैसे कसे पाठवायचे?

ओटीपी एसएमएसने येतो आणि येणाऱ्या एसएमएसला नेट लागत नाही. गॅसचं बुकिंग, बँकेचा मेसेज, आधारचा ओटीपी, सगळं व्हॉइस पॅकवर चालतं. साध्या फोनवरून पैसे पाठवायचे तर *९९# डायल करून बँकेचा मेनू उघडतो. मार्च २०२२ पासून साध्या फोनसाठी यूपीआय १२३पे ही सोयही आहे. दोन्हींसाठी नंबर बँक खात्याशी जोडलेला हवा.

व्हॉइस पॅक स्मार्टफोनमध्ये टाकणार असाल तर एक काळजी घ्या. मोबाइल डेटाचं बटण बंद करा. चालू राहिलं आणि खात्यात टॉप-अपची शिल्लक असली तर अ‍ॅप मागच्या मागे अपडेट होताना ती खाऊ शकतात. घरातल्या पोरांनी ते बटण पुन्हा चालू करू नये असं वाटत असेल तर १९२५ या टोल-फ्री नंबरवर फोन करून किंवा स्टॉप असा इंग्रजी अक्षरांत मेसेज पाठवून त्या सिमवरचं नेट कंपनीकडूनच बंद करता येतं. कधीतरी एखाद्या दिवसापुरता डेटा लागला तर छोटं डेटा व्हाउचर असतं, पण ते व्हॉइस पॅकवर चालतं का हे आधी कंपनीला विचारा. बरीच व्हाउचर ठरावीक पॅकवरच लागू होतात.

एखादा महिना रिचार्ज मारला नाही तर नंबर जातो का?

लगेच जात नाही. पॅकची मुदत संपली की आधी बाहेर जाणारे कॉल बंद होतात, काही दिवसांनी येणारेही. पण नंबर काढून घेण्याचा नियम वेगळा आहे. सलग ९० दिवस त्या प्रीपेड सिमवर कॉल, मेसेज, डेटा यांपैकी काहीच झालं नाही, तरच कंपनी ते बंद करू शकते. त्या वेळी खात्यात २० रुपये किंवा जास्त शिल्लक असेल तर २० रुपये कापून आणखी ३० दिवस दिले जातात, आणि शिल्लक पुरेल तोवर हेच चालू राहतं. बंद झाल्यावरही तोच नंबर परत चालू करून घ्यायला १५ दिवस मिळतात.

हा नियम २०१३ चा आहे. "२० रुपयांत सिम चालू राहणार" अशा बातम्या अधूनमधून येतात त्या याच्याच. त्यांत एक गोष्ट निसटते: २० रुपयांनी फक्त नंबर वाचतो, त्यावर फोन लावता येत नाही. ऊसतोडीला गेलेल्या, गावाकडचं सिम बाजूला ठेवलेल्या माणसासाठी ही तरतूद मोलाची आहे, कारण बँक, आधार, रेशन सगळं त्याच नंबराला जोडलेलं असतं. असा नंबर गेला आणि कालांतराने दुसऱ्याला मिळाला, तर तुमच्या बँकेचे मेसेज त्याच्या फोनवर पडू लागतात.

एका घराचा हिशेब मांडून बघू

घरात चार फोन. आजोबांकडे साधा, आईकडे स्मार्टफोन पण वापर बोलण्यापुरता, वडील डिलिव्हरीच्या कामावर, मुलगी बारावीला. चौघांना ३०० चा २८ दिवसांचा पॅक घातला तर वर्षाला १५,६०० रुपये.

आता आजोबा आणि आई यांना १,८४९ चा व्हॉइस पॅक घाला: ३,६९८. वडील आणि मुलगी डेटावर राहू द्या: ७,८००. एकूण ११,४९८. वर्षाला ४,१०२ रुपये वाचले आणि कुणाचं काम अडलं नाही. आईला व्हॉट्सअ‍ॅप बघायचं झालं की संध्याकाळी मुलीच्या फोनचा हॉटस्पॉट. मुलीचा रोजचा दीड जीबी क्वचितच पूर्ण संपतो, आणि उरलेला रात्री बारा वाजता वाया जातो.

डेटा संपला तर सहसा नेट तुटत नाही, वेग ६४ केबीपीएसवर येतो. म्हणजे किती? २ एमबीचा एक फोटो उतरायला चार मिनिटांहून जास्त. म्हणून व्हॉट्सअ‍ॅपच्या सेटिंग्जमध्ये 'स्टोरेज अँड डेटा' खाली मोबाइल डेटावरचं मीडिया ऑटो-डाउनलोड बंद करा. ग्रुपवर पडणारे सुप्रभातचे व्हिडिओच अर्धा डेटा गिळतात. व्हिडिओची क्वालिटी ४८० वर ठेवली तर छोट्या पडद्यावर फरक जाणवत नाही, डेटा मात्र निम्म्याहून कमी जातो.

कंपनीच्या स्वस्त फोनचा पर्यायही आहे. जुलै २०२३ मध्ये आलेला जिओभारत फोन ९९९ रुपयांना होता आणि त्याचा २८ दिवसांचा पॅक १२३ रुपयांना, कॉल आणि दिवसाला अर्धा जीबी डेटासकट. भाव चांगला. अट अशी की तो फोन त्याच कंपनीच्या सिमवर चालतो आणि तो पॅक त्याच फोनवर. उद्या सिम काढून स्मार्टफोनमध्ये टाकलं तर पॅक कामाचा नाही. शिवाय जिओचं सिम जुन्या टू-जी फोनमध्ये चालतच नाही. आजोबांचा जुना फोन चांगला चालत असेल तर आधी हे तपासा.

घरी फायबरचं इंटरनेट घेतलं तर सगळ्यांच्याच रिचार्जचे पैसे वाचतील का?

सहसा नाही. जाहिरातीतल्या ३९९ वर १८ टक्के जीएसटी वेगळा लागतो, म्हणजे हातात येणारं बिल ४७१. वर्षाचे जवळपास ५,६५०. वरच्या घरात सगळे व्हॉइस पॅकवर गेले तरी एकूण १३,०४६ होतात, आणि वडिलांना रस्त्यावर नेट लागणारच. त्यांचा डेटा पॅक ठेवला की बेरीज १५,०९७ वर जाते. दोन-तीन मुलं शिकत असतील किंवा घरातून काही काम चालत असेल तरच फायबर परवडतं. घेण्याआधी चार गोष्टी विचारा: जोडणीचे पैसे किती, राउटरचं डिपॉझिट परत मिळतं का, सहा महिने आगाऊ भरले तर जोडणी मोफत होते का, आणि मधेच सोडलं तर उरलेले पैसे मिळतात का. उत्तरं पावतीवर लिहून घ्या. शेजारच्या घराशी मिळून एक जोडणी घ्यायचा मोह होतो, पण जोडणी ज्याच्या नावावर, तिच्यावरून होणाऱ्या गैरप्रकाराची चौकशीही त्याच्याच दारात.

चहाच्या टपरीवरचं वाय-फाय

डिसेंबर २०२० मध्ये केंद्राने पीएम-वाणी योजना मंजूर केली. किराणा दुकान, टपरी, झेरॉक्सवाला कुणीही परवान्याशिवाय वाय-फाय विकू शकतो, पूर्वी एसटीडीचा पिवळा बूथ चालवत तसंच. पीएम-वाणीचं अ‍ॅप उघडायचं, जवळचा हॉटस्पॉट निवडायचा, ओटीपी टाकायचा, छोटं कूपन घ्यायचं. असे हॉटस्पॉट सगळीकडे नाहीत, हे खरं. बूथवाल्यांकडून कंपन्या महागड्या लीज्ड लाइनचे, म्हणजे धंद्यासाठी भाड्याने दिलेल्या स्वतंत्र लाइनचे, पैसे मागायच्या, ती एक मोठी अडचण होती. जून २०२५ मध्ये ट्रायने त्यावर मर्यादा घातली: २०० एमबीपीएसपर्यंतच्या घरगुती फायबर प्लॅनच्या दुपटीहून जास्त दर बूथवाल्याला लावता येणार नाही. तुमच्या गल्लीत हॉटस्पॉट नसेल आणि तुमचं स्वतःचं दुकान असेल, तर इथे विचार करण्यासारखं आहे.

कंपनी बदलायची तर

आधी घरात, चुलीपाशी आणि मागच्या खोलीत, शेजाऱ्याचं त्या कंपनीचं सिम टाकून रेंज बघा. मग इंग्रजीत पोर्ट हा शब्द, एक जागा सोडून आपला दहा आकडी नंबर, असा मेसेज १९०० वर पाठवा. पॅकमध्ये एसएमएस नसले तरी हा मेसेज पाठवू देणं कंपन्यांना डिसेंबर २०२१ पासून बंधनकारक आहे. परत आठ अक्षरांचा कोड येतो, तो चार दिवस चालतो. कोड आणि आधार घेऊन नव्या कंपनीच्या दुकानात जा. एकाच सर्कलच्या, म्हणजे कंपन्यांच्या ठरवून दिलेल्या सेवाक्षेत्राच्या, आत तीन कामकाजाचे दिवस लागतात. मुंबई आणि उरलेला महाराष्ट्र ही दोन वेगळी सर्कल आहेत, त्यांच्यात पोर्ट करायला पाच.

विनंती फेटाळली जाते ती बहुधा दोन कारणांनी: आताच्या कंपनीत ९० दिवस झालेले नसतात, किंवा गेल्या ७ दिवसांत सिम बदलून घेतलेलं असतं. जुना पॅक आणि बॅलन्स नव्या कंपनीत येत नाही. म्हणून मुदत संपायला चार-पाच दिवस राहिले की पोर्ट करा.

न मागितलेले पैसे कापले गेले तर

कॉलर ट्यून, ज्योतिष, गेम असलं काही आपोआप चालू झालं असेल तर १५५२२३ वर फोन करून बंद करा. रिचार्ज करणारी काही अ‍ॅप दर वेळी एक-दोन रुपये वर घेतात. कंपनीच्या स्वतःच्या अ‍ॅपवर ते सहसा लागत नाहीत.

बाकी तक्रारीला १९८, फोन फुकट लागतो. बोलणं संपण्याआधी तक्रार क्रमांक मागून घ्या. तो नसेल तर तक्रार झालीच नाही असं धरा. उत्तर पटलं नाही तर ३० दिवसांत त्याच कंपनीच्या अपील प्राधिकरणाकडे जाता येतं. त्याला पैसे लागत नाहीत आणि ३९ दिवसांत निकाल द्यावा लागतो. तिथेही दाद मिळाली नाही तर ग्राहक आयोग आहे. टेलिकॉम कंपनीविरुद्धची तक्रार तिथे चालते, हे सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये स्पष्ट केलं आहे.

आणि मोफत रिचार्जच्या त्या लिंकवर कुणी नंबर, ओटीपी टाकून बसलंच असेल, खात्यातून पैसे गेले असतील, तर आधी सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनला फोन करा, मग बँकेला. जेवढ्या लवकर कळवाल तेवढी रक्कम पुढच्या खात्यात अडवली जाण्याची शक्यता जास्त. त्यानंतर दूरसंचार विभागाच्या 'संचार साथी' पोर्टलवर आपल्या नावाने किती सिम चालू आहेत ते बघा. ओळख नसलेला नंबर दिसला तर तिथूनच 'माझा नंबर नाही' असं कळवता येतं.